भाकरीचा तुकडा आणि शेजाऱ्याची झोप

कुत्र्याचे शेपूट नळीत घातले तरी वाकडेच राहायचे, ही म्हण आपणां सर्वांना ठाऊक आहे. म्हण रचणाऱ्याच्या मनात कुत्रा नव्हताच, माणूस होता. न सुधारणाऱ्या माणसाविषयी बोलण्यासाठी त्याने बिचाऱ्या कुत्र्याचे शेपूट हाती धरले. तथापि त्या म्हणीत एक विचारसरणी दडलेली आहे आणि ती आपल्या अंगवळणी पडली आहे. प्रत्येक जीवाचा स्वभाव ठरलेला असतो; तो बदलावयाचा तर त्याला कशात तरी कोंबावे लागते, आणि कोंबूनही उपयोग होत नाही, अशी ती विचारसरणी. शेपूट सरळ हवे तरी कशाला, हे मात्र म्हण विचारीत नाही.

वाचकहो, प्रस्तुत लेखाचा विषय प्रथमदर्शनी क्षुल्लक वाटेल. अतोनात भुंकणाऱ्या कुत्र्याला खाऊ देऊन शांत राहावयास शिकवावे काय, एवढाच तो आहे. शिकवता येते, याविषयी आता फारसा वाद उरलेला नाही. परंतु एखादी गोष्ट करता येते म्हणून ती योग्य ठरत नाही, हे आपण जाणतोच. हा खाऊ म्हणजे लाच नव्हे काय? भुंकणे हे ज्याचे बोलणे, त्याला गप्प करण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला? आणि ही शांतता नेमकी कोणासाठी हवी आहे? या तीन प्रश्नांपैकी शेवटचा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, म्हणून त्याच्यापासूनच आरंभ करतो.

प्रश्न हवेत राहू नये म्हणून त्याला एक गाव देऊ. छत्तीसगडच्या दुर्ग जिल्ह्यात भिलाई आहे आणि भिलाईच्या पोलाद वसाहतीत रुआबांधा नावाचा भाग आहे. १९५५ साली भारताने सोव्हिएत संघाशी करार केला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते भिलाईच्या पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन झाले. नागपूर, गोंदिया, राजनांदगाव, दुर्ग अशा एकाच लोहमार्गाने हा प्रदेश विदर्भाशी जोडलेला असल्यामुळे येथे मराठी बोलणारी घरेही पुष्कळ आहेत. झोतभट्टी ही काही घरची चूल नव्हे की रात्री विझवावी आणि सकाळी पुन्हा पेटवावी. एकदा पेटली की ती वर्षानुवर्षे धगधगत ठेवावी लागते. म्हणून भट्टीबरोबर माणसांनाही पाळ्यांनी जागावे लागते. रात्रपाळीचा माणूस रात्री दहाला कामावर चढतो आणि सकाळी सहाला सुटतो. घरी येऊन, अंघोळ करून, चार घास खाऊन तो आडवा होतो, तेव्हा इतरांचा दिवस ऐन भरात आलेला असतो.

आता कल्पना करा की, रुआबांध्यात अशा माणसाच्या शेजारच्या क्वार्टरमध्ये एक कुत्रा आहे. कुत्रा वाईट नाही. दूधवाला आला की तो भुंकतो, पेपरवाला आला की भुंकतो, भाजीची गाडी आली की भुंकतो, शाळेला निघालेली पोरे दिसली की भुंकतो, आणि घरची माणसे बाहेर पडल्यावर एकटेपणापोटी दुपारपर्यंत भुंकत राहतो. भिंतीपलीकडे एक माणूस उशीत डोके खुपसून पडला आहे. रात्री त्याला पुन्हा वितळलेल्या लोखंडाजवळ उभे राहावयाचे आहे. तेथे डुलकी लागणे म्हणजे काय, हे पोलाद नगरीत राहणाऱ्यांना समजावून सांगावे लागत नाही.

कायदा या माणसाला कितपत उपयोगी पडतो, ते पाहा. ध्वनिप्रदूषणाविषयीचे केंद्र सरकारचे नियम २००० सालचे आहेत. निवासी भागासाठी दिवसा ५५ डेसिबल आणि रात्री ४५ डेसिबल अशी मर्यादा त्यांत घातलेली आहे. रात्र म्हणजे दहा ते सहा. भारतीय जीवजंतु कल्याण मंडळाने २०१५ साली पाळीव कुत्र्यांविषयी जी मार्गदर्शक तत्त्वे काढली, त्यांत भुंकणे ही कुत्र्याची नैसर्गिक अभिव्यक्ती असल्याने ती सहन केली पाहिजे, असे म्हटले आहे. परंतु सततच्या भुंकण्याने शेजाऱ्यांना त्रास होतो, म्हणून मालकांनी, विशेषतः रात्री, आपले कुत्रे शांत ठेवण्याचा प्रयत्न करावा, असेही सांगितले आहे. सल्ला समंजस आहे. परंतु कायद्याची रात्र सकाळी सहाला संपते आणि रात्रपाळीच्या माणसाची रात्र त्यानंतर सुरू होते. ज्या घटकेला त्याला शांततेची गरज आहे, त्या घटकेला त्याची गरज नियमांच्या हिशेबातच धरलेली नाही. नियम करणाऱ्यांना दोष द्यावा असे मला वाटत नाही. बहुसंख्य माणसे रात्री झोपतात, तेव्हा नियमही त्यांच्याच मापाचे होणार. पण नियम जेथे संपतो तेथे शेजारधर्म संपत नाही. किंबहुना शेजाऱ्यावर आपल्यासारखी प्रीती करावी ही आज्ञा ज्या समाजाने दर रविवारी ऐकलेली असते, त्याने तरी सकाळचे दहा वाजले आहेत, आता कोणी झोपलेले नसणार, असे म्हणू नये. शेजाऱ्याला केव्हा झोप येते, हे शेजाऱ्यालाच विचारावे लागते.

तेव्हा कुत्र्याने शांत राहावे ही मागणी अन्याय्य नाही. मात्र ती मागणी कुत्र्याकडे करता येत नाही. त्याला पाळी ठाऊक नाही, भट्टी ठाऊक नाही, भिंतीपलीकडचा थकवा ठाऊक नाही. मागणी मालकाकडेच करावयाची आहे, आणि मालकाने ती कशी पुरी करावी, हा पुढचा प्रश्न.

सर्वसाधारण घरात काय घडते? कुत्रा भुंकू लागला की मालक आतून ओरडतो. कुत्र्याच्या दृष्टीने याचा अर्थ एवढाच की, धनीही आपल्याबरोबर आवाज करू लागला. तेव्हा खरोखरच काहीतरी संकट आले असले पाहिजे. तो अधिक जोराने भुंकतो. मग चप्पल, काठी, साखळी. परदेशांत याहून सुबक साधने निघाली. भुंकताच गळ्याला विजेचा झटका देणारा पट्टा निघाला; वेल्सने २०१० साली अशा पट्ट्यांना बंदी केली. शस्त्रक्रियेने कुत्र्याचा आवाजच काढून टाकण्याची प्रथा निघाली. पाळीव प्राण्यांविषयीच्या १९८७ सालच्या युरोपीय करारात तिला मनाई आहे. या सर्व उपायांत एक गोष्ट समान आहे. कुत्रा काय सांगत होता, हे त्यांपैकी एकही उपाय विचारीत नाही. शिवाय धाकाने गप्प केलेला कुत्रा आतून शांत झालेला नसतो. गुरगुरल्यावर मार बसतो हे ज्याने ओळखले, तो गुरगुरणे सोडतो. चावण्याचे कारण मात्र तसेच राहते. असा कुत्रा पूर्वसूचना न देता चावतो, आणि मग घरातले म्हणतात की एकाएकी बिघडला. ब्रिटनमधील संशोधकांनी २००४ साली ३६४ कुत्रेमालकांकडून मिळवलेल्या माहितीचा अभ्यास प्रसिद्ध केला. बक्षिसाने शिकवलेले कुत्रे अधिक आज्ञाधारक आढळले, आणि जेथे शिक्षेचा वापर अधिक तेथे वागणुकीच्या तक्रारीही अधिक आढळल्या. अशा पाहणीवरून कारण कोणते आणि परिणाम कोणता, हे ठामपणे सांगता येत नाही, हे खरे. खोडकर कुत्र्यालाच मार अधिक बसत असेल. तरीही मार देऊन काम साधते हा जो आपला ठाम समज, त्याला त्यातून आधार मिळत नाही एवढे नक्की.

बक्षिसाची वाट शास्त्राला सापडली, तिचा इतिहास थोडक्यात सांगण्याजोगा आहे. रशियातील इव्हान पावलोव्ह हे धर्मगुरूचे पुत्र. स्वतः सेमिनरीत शिकलेले. पचनावरील संशोधनासाठी त्यांना १९०४ साली नोबेल पारितोषिक मिळाले. अन्न येण्याची नुसती खूण पटली तरी कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटते, हे त्यांनी दाखवून दिले; त्यासाठी त्यांच्या कुत्र्यांनी पुष्कळ यातना सोसल्या, हेही येथे नोंदले पाहिजे. अमेरिकेत एडवर्ड थॉर्नडाईक यांनी १८९८ साली पेटीत कोंडलेल्या मांजरांवरून असे दाखवले की, ज्या कृतीचे फळ गोड ती कृती प्राणी पुन्हा करतो. पुढे बी. एफ. स्किनर यांनी १९५१ साली एका लोकप्रिय विज्ञान मासिकात लेख लिहून घरच्या कुत्र्याला, टिकटिक वाजणारे खेळणे आणि खाऊचे तुकडे एवढ्यावर, कसे शिकवावे हे सामान्य वाचकाला सांगितले. परंतु मला सर्वांत बोलका वाटतो तो डॉल्फिनांचा अनुभव. कॅरन प्रायर या बाई हवाई बेटांवर डॉल्फिनांना शिकवीत असत. डॉल्फिनाला साखळी घालता येत नाही, काठीने मारता येत नाही. रागावलात तर तो पोहून दूर जातो. शिकवणाराच्या हाती मासळीची बादली आणि शिट्टी एवढेच उरते. म्हणजे जेथे आपला हात पोचत नव्हता तेथे आपण सौम्यपणे शिकवण्याची कला शिकलो! प्रायरबाईंनी १९८४ साली जे पुस्तक लिहिले त्यात नको असलेली वागणूक थांबवण्याचे आठ मार्ग दिले आहेत. रात्रभर भुंकणारा कुत्रा हे त्यांतील एक नेहमीचे उदाहरण आहे, आणि पहिला मार्ग आहे तो प्राण्यालाच नाहीसे करण्याचा. अर्थातच तो त्यांनी शिफारस म्हणून दिलेला नाही. परंतु त्रासलेल्या माणसाच्या मनात प्रथम काय येते, हे त्यांनी प्रामाणिकपणे लिहून ठेवले.

प्रत्यक्ष कृती साधी आहे, सोपी मात्र नाही. कुत्रा भुंकू लागला की ओरडू नये. कितीही भुंकणारा कुत्रा श्वास घेण्यासाठी क्षणभर थांबतोच. तो थांबताच शांत स्वरात एकच ठरलेला शब्द म्हणावा, ‘बस’ म्हणा किंवा ‘पुरे’ म्हणा, आणि तत्क्षणी नखाएवढा तुकडा त्याच्यापुढे धरावा. भाकरीचा चालेल, उकडलेल्या अंड्याचा असल्यास उत्तम. (चॉकलेट, द्राक्षे, बेदाणे आणि कांदा हे पदार्थ कुत्र्याला अपायकारक आहेत, लाडाने देखील देऊ नयेत.) प्रथम दोन सेकंदांच्या शांततेला तुकडा, मग पाचांच्या, मग दहांच्या, मग मिनिटाच्या. शांतता वाढली की तुकडे विरळ करावेत. कधी द्यावा, कधी नुसतेच पाठीवरून हात फिरवावा. येथे एक खाच आहे. कुत्रा हुशार असतो. ‘भुंकावे, मग थांबावे, मग तुकडा मिळतो’ अशी साखळीही तो शिकू शकतो आणि खाऊसाठी मुद्दाम भुंकू लागतो. यावर उपाय असा की, शांततेची मुदत लांबवीत न्यावी, आणि न भुंकताच तो पडून राहिला असेल तेव्हा आपण होऊन उठावे आणि त्याला तुकडा द्यावा.

या शेवटच्या वाक्यापाशी, वाचकहो, आपण थोडे थांबू. शांत पडलेल्या कुत्र्याकडे कोण पाहतो? गोंगाट आपल्याला हाक मारतो. शांतता हाक मारीत नाही, तिच्याकडे आपण होऊन लक्ष द्यावे लागते. शिक्षा करणाऱ्याला अपराध होईपर्यंत वर्तमानपत्र वाचीत बसता येते. बक्षीस देणाऱ्याला मात्र चांगले घडत असताना जागे राहावे लागते, आणि चांगले बहुधा आवाज न करता घडते. या पद्धतीत कुत्र्यापेक्षा मालकालाच अधिक शिकावे लागते, असे जे म्हणतात ते यामुळेच. बहुतेक घरांत कुत्र्याला भुंकण्याचेच बक्षीस मिळत असते, हेही ओघाने आले: भुंकला की कोणीतरी उठते, बोलते, दार उघडते, पोळी टाकते. तो गप्प बसला की सर्वांना त्याचा विसर पडतो. आपणच त्याला भुंकावयास शिकवले आणि मग त्याच्या स्वभावाला दोष दिला.

आता लाचेचा आक्षेप. तो नेहमी हसत हसत घेतला जातो, पण त्याला उत्तर द्यावयास हवे. लाच म्हणजे काय? ज्याचे जे कर्तव्य आहे त्यापासून त्याने ढळावे म्हणून, बहुधा आधी आणि बहुधा चोरून, जे दिले जाते ती लाच. लाचेने डोळसाचे डोळे आंधळे होतात, अशी जी निर्गमात ताकीद आहे ती न्याय करणाऱ्यांना आहे. कुत्रा कोणत्याही न्यायासनावर बसलेला नाही. शांत राहणे हे त्याचे कर्तव्यच नव्हते. ती आपली गरज होती. आपल्या गरजेसाठी दुसऱ्याने कष्ट घेतले की त्याला जे द्यावे लागते त्याला मजुरी म्हणतात, आणि ती कामानंतर, उघडपणे, चोख दिली पाहिजे. माझ्या मते तुकडा ही कुत्र्याची मजुरी आहे. त्याहूनही अधिक म्हणजे, ती त्याच्या भाषेतील एक संज्ञा आहे. ‘आत्ता तू जे केलेस तेच मला हवे होते’ हे वाक्य त्याला मराठीत कळत नाही, छत्तीसगडीतही नाही. भाकरीच्या भाषेत कळते.

मात्र यातून एक बंधन निघते आणि ते कडक आहे. मजुरी वेगळी आणि रोजचे अन्न वेगळे. कुत्रा भुकेला असला म्हणजे तुकड्यासाठी अधिक मन लावून शिकतो, म्हणून त्याला अर्धपोटी ठेवावे, असा मोह होऊ शकतो. स्किनर यांच्या प्रयोगशाळेतील कबुतरे मुद्दाम कमी वजनावर ठेवलेली असत. घरात हे करता कामा नये. ज्याला आपण आश्रय दिला त्याचे पोट हा आपल्या मर्जीचा विषय नव्हे. कनानी स्त्रीने प्रभूला दिलेले उत्तर आठवावे: मेजाखाली बसलेल्या कुत्र्यांनाही चुरा मिळतो. त्या चुऱ्यासाठी कुत्र्याने काही करून दाखवलेले नसते. तो घरात आहे, एवढेच पुरते. बक्षिसाचा तुकडा या चुऱ्याच्या वरचा असावा, त्याच्या बदल्यातला नसावा.

याहून खोल आक्षेप असा की, बक्षीस हे गोड असले तरी दुसऱ्याच्या इच्छेला आपल्या सोयीचे वळण देणेच आहे. काठीपेक्षा ते सौम्य, पण म्हणूनच अधिक धूर्त. या आक्षेपात तथ्य नाही असे मी म्हणणार नाही. परंतु कुत्र्याच्या बाबतीत ‘त्याला त्याच्या इच्छेवर सोडणे’ हा पर्याय आपण कधीच घालवून बसलो आहोत. फाटक आपले, भिंत आपली, साखळी आपली, पाळी आपली. जर्मनीत बॉनजवळ ओबरकासेल येथे सुमारे १४,००० वर्षांपूर्वीच्या दफनात माणसांशेजारी एक पिल्लू सापडले आहे. दुखणाईत असताना माणसांनी त्याची शुश्रूषा केली असावी, असे त्याच्या दातांवरून अभ्यासक म्हणतात. इतका जुना हा सहवास आहे. प्रौढ लांडगा क्वचितच भुंकतो. कुत्रा भुंकतो तो आपल्या सहवासात. म्हणजे ज्या आवाजाने आज आपली झोप मोडते तो काही अंशी आपणच घडवलेला आहे. तेव्हा वळण द्यावे की देऊ नये, हा प्रश्न उरत नाही. कसे द्यावे आणि कोठे थांबावे, एवढाच उरतो.

कोठे थांबावे, हे सांगण्यासाठी एक मराठी आख्यायिका उपयोगी पडेल. साताऱ्याच्या शाहू छत्रपतींचा खंड्या नावाचा कुत्रा होता. शिकारीच्या वेळी वाघ चालून येत असता त्याने भुंकून धन्याला सावध केले, म्हणून त्याला पालखीचा मान आणि जहागीर मिळाली, असे सांगतात. संगम माहुलीला शाहूंच्या समाधीजवळ त्याचेही स्मारक दाखवतात. म्हणजे भुंकल्याबद्दल जहागीर! आणि आपण गप्प बसल्याबद्दल भाकरी देऊ पाहतो. यशयाने बेसावध राखणदारांना मुक्या कुत्र्यांची उपमा दिली आहे, ती निंदा म्हणून. भुंकता न येणारा कुत्रा त्याच्या लेखी निकामी. तेव्हा कुत्र्याचा आवाज समूळ नाहीसा करणे हे उद्दिष्ट असूच शकत नाही. त्याने सांगावे, आपण ऐकावे, ‘पाहिले, पुरे’ म्हणावे आणि त्याने थांबावे, इतकेच हवे. म्हणून शहाणे शिक्षक पहिल्या दोनतीन भुंकण्यांना हरकत घेत नाहीत.

पण पवित्र शास्त्रात कुत्र्याच्या शांततेचाही एक उल्लेख आहे, आणि तो सहसा कोणाच्या लक्षात येत नाही. मिसरातील त्या भयंकर रात्री घराघरांत आकांत होईल, पण इस्राएलाच्या वस्तीत कोणावरही कुत्रा देखील जीभ हलवणार नाही, असे निर्गमाच्या अकराव्या अध्यायात सांगितले आहे. तेथे कुत्र्याचे मौन हे वस्ती सुरक्षित असल्याची खूण आहे. तो गप्प आहे कारण भिण्यासारखे काही नाही. मला वाटते, आपल्या प्रश्नाची कसोटी येथे सापडते. कुत्र्याला निर्भय आणि समाधानी करून जी शांतता येते ती रास्त. त्याचे दुःख तसेच ठेवून, वरून तुकड्यांनी तोंड बंद करून जी येते ती रास्त नव्हे, मग ती कितीही प्रेमळ हातांनी आणलेली असो.

कारण पुष्कळसे भुंकणे ही तक्रार असते, आणि तक्रार बहुधा खरी असते. मे महिन्यात छत्तीसगडचे ऊन पंचेचाळीस अंशांच्या आसपास जाते. माणसे कूलरसमोर बसलेली असतात आणि कुत्रा पत्र्याखाली दोन हात साखळीवर असतो. पाण्याचे भांडे उपडे झालेले असते. तो भुंकला तर त्याला ‘बस’ हा शब्द शिकवणे ही क्रूरता आहे. १९६० सालच्या प्राणिक्लेश प्रतिबंधक कायद्याच्या अकराव्या कलमात अवाजवी आखूड किंवा जड साखळीने अवाजवी काळ बांधून ठेवणे हा अपराध तर आहेच, पण कुत्र्याचे वेगळे नाव घेऊन असेही म्हटले आहे की, नेहमी बांधून किंवा कोंडून ठेवलेल्या कुत्र्याला पुरेसे हिंडवून आणण्यात मालकाने कुचराई करणे हा देखील अपराध आहे. किती मालकांना हे ठाऊक आहे? सकाळी अर्धा तास फिरवून आणलेला, पोट भरलेला, सावलीत बसलेला आणि फाटकावर पडदा असल्यामुळे रस्त्यावरचे प्रत्येक पाऊल न दिसणारा कुत्रा निम्मा शांत झालेलाच असतो. शिकवणे उरलेल्या निम्म्यासाठी. हा क्रम उलटा करता येत नाही.

कुत्र्यावर जे चालते ते मुलांवरही चालेल, असे मनात येणे साहजिक आहे, म्हणून त्याविषयी दोन शब्द. मला ते मान्य नाही. अमेरिकेत १९७३ साली एक प्रयोग प्रसिद्ध झाला. बालवाडीतील, चित्रे काढण्याची आवड असलेल्या मुलांपैकी काहींना आधीच सांगितले की चित्र काढलेत तर प्रमाणपत्र मिळेल. काहींना न सांगता नंतर दिले. काहींना दिलेच नाही. काही दिवसांनी पाहिले तो, ज्यांना आधी आमिष दाखवले होते ती मुले पूर्वीपेक्षा कमी चित्रे काढू लागली होती. न सांगता दिलेल्या मुलांचे तसे झाले नाही. मूल विचारते की मी हे कशासाठी करतो आहे, आणि उत्तर जर ‘प्रमाणपत्रासाठी’ असे मिळाले तर चित्राची गोडी जाते. कुत्रा असे विचारीत नाही. निदान विचारीत असल्याची खूण आजवर दिसलेली नाही. मुलाला शेजारचे काका रात्रभर भट्टीपाशी उभे होते, ते झोपले आहेत, म्हणून हळू बोल, असे सांगता येते. ज्याला कारण सांगता येते त्याला तुकडा देणे हा त्याचा अपमान आहे. ज्याला सांगता येत नाही त्याला तुकडा देणे हीच त्याची समजूत घालणे.

शेवटी पुन्हा भिंतीपलीकडच्या माणसाकडे येऊ, कारण हा सारा खटाटोप त्याच्यासाठी आहे. कुत्र्याला शिकवताना आरंभी एक अडचण येते, ती पुष्कळ मालकांना आधी कोणी सांगत नाही. आजवर भुंकल्यावर जे मिळत होते ते एकाएकी मिळेनासे झाले की कुत्रा ते सोडून देण्यापूर्वी काही दिवस पूर्वीपेक्षा जास्त जोराने आणि जास्त वेळ भुंकतो. बंद पडलेल्या दाराची कडी आपणही सोडून देण्यापूर्वी दोनदा जोराने हलवतो, तसेच ते आहे. या दिवसांत मालक कंटाळून एकदा जरी उठला आणि पोळी टाकून आला, तर मोठ्याने भुंकल्यास मिळते हा नवा धडा कुत्रा शिकतो आणि सगळे पाणी फिरते. म्हणजे शांततेकडे जाणारा रस्ता प्रथम अधिक गोंगाटातून जातो, आणि त्या गोंगाटाची किंमत मालक नव्हे, शेजारी मोजणार असतो. त्याला न विचारता ती त्याच्यावर लादणे योग्य होणार नाही. म्हणून ज्याला आपल्या कुत्र्याला शिकवावयाचे असेल त्याने प्रथम शेजारच्या दारी जावे, आपण काय करणार आहोत हे सांगावे, आणि त्यांच्या पाळ्यांचे वेळापत्रक विचारून घ्यावे. ते दुपारच्या पाळीला असतील तो आठवडा निवडावा. दोन ते दहा ते कामावर असतात. शिकवण्याची वेळ सायंकाळची ठेवावी, आणि रात्री दहानंतर ते सायकल लावून घरात शिरतील तोवर त्या दिवसाचा धडा संपवून कुत्र्याला आत घ्यावे.